चार वाजता मरायचंय

“ह्यातलं खरं रक्त किती?” वान-फोंगने विचारलं.

“डाव्या बाजूचं,” दारातला माणूस म्हणाला. “उजवीकडचा रंग आहे.”

मार्च महिना होता, भिंतींना घाम फुटण्याचे दिवस. कावलूनच्या जुन्या तटबंदीतल्या वस्तीच्या कडेला दातवाल्यांच्या दुकानांची रांग आहे. त्यातल्या प्रत्येक काचेवर त्या दिवशी ओल धरली होती, आणि काचेमागच्या कवळ्यासुद्धा थंडीताप आल्यासारख्या ओलसर दिसत होत्या. त्यात हा माणूस. अंगात निळा रेशमी अंगरखा, गुडघ्यापर्यंत चिखल, अर्धं डोकं तुळतुळीत आणि मागे कमरेपर्यंत शेपटा! शंभर वर्षांपूर्वीचा कुणी पहारेकरी रस्ता चुकून इकडे आला असावा, तसा. त्याने मूठ उघडली. तळहातावर पुढच्या दाताचा अर्धा तुकडा होता.

“चार वाजेपर्यंत बसवून द्याल?”

“चारचीच घाई का?”

“चार वाजता मरायचंय.”

वान-फोंगने त्याला खालून वर न्याहाळलं. “मेल्यावर दात कशाला लागतो?”

“मरताना तोंड उघडं असतं ना, बाई! सकाळी मारामारी झाली तेव्हा दात होता. दुपारी मरताना नसला, तर दिग्दर्शक मला खरोखरच मारेल.”

ती हसली नाही. हसू गालातल्या गालात दाबून तिने खुर्चीकडे बोट केलं... “बसा.”

पडद्यामागून तिचे बाबा डोकावले. ताम-डॉक्टर गावाकडे, स्वाटावला, मोठे दंतवैद्य होते. हाँगकाँगात त्यांची पदवी चालत नव्हती, म्हणून कुणी परवाना न विचारणाऱ्या ह्या वस्तीत दुकान. दोन वर्षांपासून हात कापायला लागले, तेव्हापासून गिरमिट मुलीच्या हातात आलं होतं. बाबांना आता दोनच कामं उरली होती – कवळ्या घासणं आणि सिनेमे बघणं.

“अरे! पुलावरचा पहारेकरी!” बाबा ओरडले. “मिठाच्या व्यापाऱ्याच्या सिनेमातला! पहिल्या पंधरा मिनिटांत गेलात तुम्ही!”

“बारा,” तो माणूस विनयाने म्हणाला. “माझं नाव मोक ताक-शुन. मला कुणी ओळखलं, असं आज पहिल्यांदाच झालं.”

“तोंड उघडा,” वान-फोंग म्हणाली.

त्याने तोंड उघडलं, पण उजवा पाय काही स्वस्थ बसेना. टाच फळीवर वाजतच होती... टक टक टक.

“पाय थांबवा.”

“तो माझं ऐकत नाही हो. मी कुठेही बसलो की त्याला वाटतं, निघायची वेळ झाली.”

तेवढ्यात विमान आलं. काई ताक विमानतळावर उतरणारी विमानं त्या छपरांना जवळजवळ घासूनच जातात. काचा थरथरल्या, कवळ्या कडकडल्या. वान-फोंगने सवयीने दोन्ही हात त्याच्या तोंडापासून दूर धरले आणि विमान जाण्याची वाट पाहत उभी राहिली. त्या दहा-बारा क्षणांत करण्यासारखं काहीच नसतं. आजवर ती भिंतीवरच्या कॅलेंडरकडे बघायची. त्या दिवशी तिने खाली पाहिलं आणि तो तिच्याचकडे बघत होता. रंगवलेल्या भुवयांखालचे डोळे मात्र अगदी साधे, थोडे झोपाळलेले.

आणि पाय थांबला होता.

साडेतीनला तो गेला. चार वाजता वान-फोंगचं लक्ष घड्याळाकडे गेलं. का गेलं कोण जाणे! पुढच्या गिऱ्हाइकाची भलतीच दाढ ठोकून बघितली तिने.

*

चार दिवसांनी तो पुन्हा आला. ह्या वेळी चौकडीचा शर्ट, डोक्यावर सुती टोपी, हातात गरम अननस-पावांची पिशवी.

“छान मेलो. एका फटक्यात पसंत पडलं. म्हटलं, डॉक्टरीणबाईंना सांगावं.”

मग तो हिरडी दाखवायला आला. मग दाताला गार पाणी लागतं म्हणून आला. मग एका गुरुवारी गाल धरून म्हणाला, “अक्कलदाढ दुखतेय.”

वान-फोंगने आरसा घालून पाहिलं. “अक्कलदाढ तुम्हाला अजून आलेलीच नाही.”

“तरीच मी सारखा इथे येतो.”

शेजारच्या गाळ्यात तिसऱ्या काकू माशाचे गोळे वळायच्या. नात्याने त्या कुणाच्याच काकू नव्हत्या, पण साऱ्या गल्लीवर त्यांची नजर असायची. पिठाचे हात घेऊन त्या दारात आल्या. “माणसाला बत्तीसच दात असतात ना गं, आ-फोंग? ह्याचे बासष्ट दिसतात.”

वान-फोंगचे कान तापले. ताक-शुन मात्र उठून अदबीने वाकला. “काकू, अजून मोजणी चालू आहे.”

तो आला की बोलत बसायचा. बसायचा कसला, उभा राहायचा, दोन पावलं टाकायचा, खिडकीपाशी जाऊन यायचा. सातव्या वर्षी आईने त्याला चिनी ऑपेराच्या गुरूकडे ठेवलं होतं. दहा वर्षं हातांवर उभं राहणं, कोलांट्या आणि वेताची छडी. लिहिणं-वाचणं कुणी शिकवलंच नाही. आपल्या नावाची तीन चिनी अक्षरं तेवढी काढता येत होती. ऑपेरा बंद पडले तेव्हा सगळी मुलं सिनेमात गेली, तसाच तोही गेला.

“पहिल्या वर्षी मी नुसता पडायचो,” तो सांगे. “चेहरा दिसायचा नाही. मग चेहरा दिसायला लागला. मग एक वाक्य मिळालं.”

“कोणतं?”

“‘पकडा त्याला!’”

“मग? पकडलं?”

“कधीच नाही!”

ह्या वेळी तिला हसू आवरलं नाही. तिचं हसणं ऐकून तो गप्प झाला, आणि गप्प झालेला ताक-शुन तिने तोवर पाहिलाच नव्हता. दोघंही उगीचच खिडकीबाहेर बघू लागले.

वान-फोंगला मारामारीचे सिनेमे आवडत नसत. पण एका बुधवारी दुपारी दुकान बाबांवर सोडून ती एकटीच, कुणाला न सांगता, जुने सिनेमे लावणाऱ्या थेटरात गेली. तासाभराने तो दिसला. दरोडेखोरांच्या टोळीत डावीकडून चौथा. नायकाने लाथ मारली आणि तो वरच्या मजल्याच्या कठड्यावरून उलटा, चहाच्या टपरीचं छप्पर फोडून खाली पडला. थेटर खो-खो हसलं. वान-फोंग उठून बाहेर आली. रस्त्यावर ऊन होतं, गर्दी होती, आणि हातातल्या तिकिटाचे तिने बारीक बारीक तुकडे केले होते.

दुसऱ्या दिवशी तो हसत दारात आला, तर तिने त्याला दंडाला धरून खुर्चीत आदळलं. “कुठे लागलं होतं? पाठ दाखव. टपरीवर पडलास तेव्हा खाली काय होतं? गादी होती?”

“होती... म्हणजे पुठ्ठे होते.”

“पुठ्ठे! आणि मूर्खासारखा उडी मारतोस? काही झालं असतं तर मी... तर बाबांना किती वाईट वाटलं असतं!”

तो हळूच म्हणाला, “तू मला ‘तू’ म्हणालीस.”

“मूर्खाला कुणी ‘तुम्ही’ म्हणत नाही.”

“मग रोज मूर्ख म्हण ना!”

त्या दिवसापासून मात्र तिला चैन नव्हतं. रस्त्यावर रुग्णवाहिकेची घंटा वाजली की तिचे हात थांबायचे. आला नाही तर काळजी, आला तर त्याच्या पायाची ती टक-टक, आता जाईल, मग जाईल...

*

नोव्हेंबरमध्ये तो एकदा दुकानात न येता थेट गच्चीवर आला. ती कपडे वाळत घालत होती. त्या वस्तीतल्या गच्च्या एकमेकींना चिकटलेल्या, अँटेनांचं रान नुसतं. त्या रानातून उड्या मारत तो आला आणि धापा टाकत उभा राहिला.

“आ-फोंग, मला नाव मिळालं!”

“म्हणजे?”

“सिनेमात! आजवर मी ‘दरोडेखोर तिसरा’, ‘पहारेकरी दुसरा’. आता नावाचा माणूस. खलनायकाचा उजवा हात. एक्केचाळीस वाक्यं! आणि मँडरीन नाही, आपल्या बोलीत सिनेमा आहे. म्हणजे पडद्यावर मीच बोलणार, माझ्या आवाजात. आजवर माझ्या तोंडात दुसऱ्याचाच आवाज असायचा ना.”

तिला आनंद झाला. खरंच झाला. ओलं फडकं तसंच हातात धरून तिने विचारलं, “शूटिंग कुठे?”

“कोरियात. बर्फात. तीन-चार महिने.”

विमान गेलं. वाळत घातलेले शर्ट वेड्यासारखे फडफडले.

“आल्यावर तुला एक विचारायचंय,” तो म्हणाला.

“आत्ता विचार.”

“आत्ता काय आहे माझ्यापाशी? नाव येऊ दे पडद्यावर. आवाज येऊ दे. मग... मग विचारीन.”

“आणि तोवर मी काय करू?”

त्याने तिच्या हातातलं फडकं घेतलं, नीट पिळलं, दोरीवर टाकलं. चिमटा दोनदा त्याच्या हातातून निसटला. आठ-आठ हात उंचीवरून उलटा पडणारा हा माणूस!

“तोवर माझ्यावर चीड,” तो म्हणाला. “ते तुला छान जमतं.”

*

ती चिडली. पण चिडायलाही समोर माणूस लागतो.

डिसेंबरात एक चित्रकार्ड आलं. एका बाजूला बर्फाचा डोंगर, दुसऱ्या बाजूला त्याच्या नावाची तीन वाकडी अक्षरं. बाकी कोरं. जानेवारीत दुसरं आलं. त्यावर त्याच्या नावाशेजारी तिचं नाव होतं, कुणाकडून तरी शिकून काढलेलं, एक रेघ राहून गेलेलं. ते कार्ड तिने किती वेळा पाहिलं ह्याला गणती नाही. आणि त्यानंतर काहीच नाही. फेब्रुवारी गेला. मार्चमध्ये भिंती पुन्हा घामेजल्या. बाबांनी पेपरात वाचून सांगितलं, “मंडळी परत आली की गं कोरियाहून!”

तो आला नाही.

एक आठवडा गेला, तीन गेले. साच्याचं प्लास्टर कालवून ठेवून ती विसरायची आणि ते वाटीतच दगड व्हायचं. भल्या सकाळी उठून गल्लीच्या तोंडाशी जायची, उगीच पेज विकत घ्यायची आणि न खाता परत यायची. शेवटी एका दुपारी बस धरून डायमंड हिलला त्याच्या खोलीवर गेली. घरमालकीण म्हणाली, “आहे की. धडधाकट आहे. सकाळी जातो, संध्याकाळी येतो. पण हल्ली बोलत नाही कुणाशी.”

“बोलतच नाही?”

“मान हलवतो फक्त.”

जिना उतरताना वान-फोंगला इतका राग आला की बसचा थांबा मागे टाकून ती तशीच चालत राहिली. म्हणजे गावात आहे. म्हणजे पाय शाबूत आहेत. म्हणजे यायचंच नाही.

तिसऱ्या काकूंनी हीच वेळ साधली. “तो लो आहे ना, औषधी चहाच्या दुकानाचा? तुझ्याबद्दल विचारत होता. सरळ माणूस आहे. दोन खोल्या, आणि एकीला खिडकी! पुन्हा तो वरून खाली पडत नाही.”

“शनिवारनंतर सांगते,” वान-फोंग म्हणाली.

शनिवारी तो सिनेमा लागणार होता. साडेपाचच्या खेळाची दोन तिकिटं बाबांनी केव्हाच आणून ठेवली होती.

*

थेटर गच्च भरलं होतं. शेजारचा जाडा माणूस दातांनी ऊस सोलत होता. एरवी तिने त्याच्या हिरड्यांची काळजी केली असती, पण आज तिचं लक्ष नव्हतं. श्रेयनामावली आली. सातव्या ओळीत तीन अक्षरं – मोक ताक-शुन. बाबांनी तिचा हात दाबला. तिच्या डोळ्यांत पाणी आलं आणि त्या पाण्याचाही तिला राग आला.

मग बर्फ. बर्फावर काळ्या कपड्यांतला तो. पाय रोवून, स्वस्थ, खांद्यावर हिम साचलेलं. इतका देखणा दिसेल असं तिला वाटलंच नव्हतं. कॅमेरा जवळ गेला. त्याने ओठ उघडले...

आणि आत कुणीतरी दुसराच बोलला.

जाड, घोटलेला, रेडिओवर बातम्या देणाऱ्यासारखा आवाज. वान-फोंगला आधी वाटलं, काहीतरी चूक झालीय, आता दुरुस्त करतील. दुसरं वाक्य आलं, तिसरं आलं. ओठ त्याचे, आवाज परका. तिच्या डोक्यात एकेक गोष्ट जुळत गेली. घरमालकीण... मान हलवतो फक्त... आणि आत कुठेतरी काहीतरी तटकन तुटलं. ती उभी राहिली.

“हा त्याचा आवाज नाही!”

“ए बाई, खाली बस!”

“हा त्याचा आवाज नाहीच!” ती आता मागे वळून सगळ्यांना सांगत होती. “त्याचा आवाज असा तुपातला नाही. बारीक खरखर आहे त्यात, पत्र्यावरून मांजर चालल्यासारखी. आणि वाक्य संपता संपता तो घाई करतो, कुणी मध्येच तोडेल म्हणून! ह्याला कसली घाईच नाही!”

थेटर हसायला लागलं. उसवाला वैतागून म्हणाला, “तुला काय ठाऊक त्याचा आवाज? तू कोण लागतेस त्याची?”

वान-फोंगने तोंड उघडलं. पडद्यावरचा उजेड तिच्या चेहऱ्यावर निळा-पांढरा हलत होता.

“माझं... माझं लग्न व्हायचंय त्याच्याशी!”

आणि मग चार रांगा मागून, अंधारातून, बारीक खरखरीचा, घाईघाईचा आवाज आला.

“कधी?”

सगळ्यांच्या माना वळल्या. कोपऱ्यातल्या खुर्चीत, टोपी डोळ्यांवर ओढलेला एक माणूस अर्धवट उठून उभा होता. कुणीतरी ओरडलं, “अरे, हाच तो! पडद्यावरचा!” लोक एकदा पडद्याकडे, एकदा त्याच्याकडे बघू लागले. उसवाल्याने चघळणं थांबवलं आणि कान देऊन म्हणाला, “पोरगी खरं सांगतेय. ह्याचा आवाज फाटका आहे.”

शिट्ट्या, टाळ्या, कुणी पायांनी फरशी बडवतंय... वान-फोंगला धरणी पोटात घेईल तर बरं असं झालं. तिने बाबांचा हात धरला. “बाबा, चला.”

“तुम्ही दोघं व्हा पुढे,” बाबा तिच्या कमरेच्या बाजूने मान काढून पडद्याकडे बघत म्हणाले. “मला शेवट बघायचाय.”

*

बाहेर पाऊस पडून गेला होता, थेटराच्या पन्हळीतून अजून गळत होतं. दोघं पोस्टरखाली उभे राहिले. पोस्टरवर तो नव्हता.

“सात आठवडे!” ती म्हणाली.

“हो.”

“मी तुझ्या खोलीवर येऊन गेले.”

“कळलं. त्या दिवशी रात्रभर जिना मोजत बसलो. चढायचा-उतरायचा.” त्याने टोपी काढली, पुन्हा घातली. “एक्केचाळीस वाक्यं पाठ केली होती, आ-फोंग. वाचता येत नाही म्हणून दुसऱ्याकडून म्हणवून घेऊन, बर्फात फेऱ्या मारून मारून. त्यांनी दोन ऐकली. म्हणाले, मासे विकणाऱ्यासारखा वाटतो. दुसरा माणूस बोलावला.”

“मग? मासे विकणाऱ्यांची लग्नं होत नाहीत?”

तो गोंधळला. “मी म्हटलं होतं, नाव आणि आवाज दोन्ही आलं की विचारीन. अर्धंच आलं. अर्ध्यावर कसं विचारायचं?”

“मी मागितलं होतं का पुरं? मी म्हटलं होतं, आत्ता विचार! तू तेव्हा विचारलं असतंस तर मला आज चारशे लोकांपुढे नाचक्की करून घ्यावी लागली नसती. उद्या साऱ्या कावलूनमध्ये बोभाटा होईल. तिसऱ्या काकू तर...”

“आ-फोंग.”

“काय?”

“सोमवारपासून नवा सिनेमा आहे. दरोडेखोर तिसरा. नाव नाही.” त्याने टोपी हातात घेऊन चुरगाळली. “ह्याच्या पुढे मी कधी जाईन असं नाही. मी बघितलंय स्वतःला आत्ता. नायकाचा चेहरा नाही तो. मी पडतो चांगला, एवढंच. पडतच राहीन. तुझा जीव टांगणीला लागेल रोज.”

“तो आत्ता लागलेला नाही का?” ती म्हणाली. आणि मग जरा थांबून, खाली बघत... “पुठ्ठ्यांवर गादी टाकायला सांगायची. ही माझी एकच अट.”

“आणि माझ्या प्रश्नाचं उत्तर?”

“कुठल्या?”

“आत विचारला तो. कधी?”

“आठव्या महिन्याच्या पौर्णिमेच्या सणाआधी,” वान-फोंग म्हणाली. इतक्या झटकन, की तिचं तिलाच हसू आलं.

त्याने हात पुढे केला. रस्ता ओला होता म्हणून असेल किंवा नसेल, तिने तो धरला. दोघं चालू लागले. बस निघून गेली, फळवाल्याची गाडी गेली, त्यांना कुठे जायचं होतं हे दोघांनाही ठाऊक नव्हतं.

“पहिलं वाक्य काय होतं रे तुझं?”

“‘इथून पुढे रस्ता नाही.’”

“नीट म्हण. बर्फात म्हणायचास तसं.”

तो थांबला. पाय रोवले. आणि आपल्या त्या खरखरीत, फाटक्या, शेवटच्या शब्दाला घाईला येणाऱ्या आवाजात म्हणाला, “इथून पुढे रस्ता नाही.”

तिच्या अंगावर काटा आला. ती काही म्हणणार, तोच मागून थेटराच्या भिंतीआडून एकदम मोठा गलका उठला... आरोळ्या, टाळ्या, शिट्ट्या.

त्याने मान वळवून ऐकलं. “मेलो वाटतं मी.”

“मरू दे त्याला,” वान-फोंग म्हणाली. “तू दुसरं वाक्य सांग.”